राज्य कोणावर

रविवारी दुपारची जेवणं झाली की आमच्या घरातली चार माणसं तीन घरांत कानाला हेडफोन लावून बसतात आणि एकमेकांना गोळ्या घालतात. ऐकायला वाईट वाटतं, पण यापेक्षा बरं कौटुंबिक जीवन आम्हाला आजवर जमलेलं नाही. माझा दादा दुसऱ्या शहरात विम्याचे दावे तपासतो, म्हणजे समोरचा खोटं बोलतोय असं धरून चालण्याचा त्याला पगार मिळतो. त्याची मुलगी चिमणी नुकतीच कॉलेजात गेली आहे, हा खेळ घरात आणणारी तीच. मी दातांच्या लॅबमध्ये कवळ्या बनवते आणि बाबांच्या घरापासून दोन गल्ल्या सोडून एकटी राहते. चौथे बाबा. ते जन्मभर बस चालवून निवृत्त झाले आणि मग घरी बसवेना म्हणून शाळेची व्हॅन चालवू लागले. वय विचारलं की चिडतात.

खरा खेळ म्हणजे दोन टोळ्या, बंदुका आणि धडाधड. तो चिमणी तिच्या मित्रांशी खेळते, आम्हाला तिथे कोणी क्षणभरही जिवंत ठेवत नाही. पण त्याच खेळात निव्वळ गंमत म्हणून काही डाव ठेवलेले असतात, ज्यांत हरलं तरी कुठे नोंद होत नाही. एका डावात प्रत्येकाकडे एकच गोळी. एकात नुसते दगड फेकायचे. आमचा लाडका तो वस्तूंचा डाव. निम्म्यांनी वस्तू व्हायचं, खुर्ची, बादली, टायर, जे मिळेल ते, आणि नकाशात कुठेतरी जाऊन गप उभं राहायचं. बाकीच्यांनी बंदूक घेऊन शोधायचं. खऱ्याखुऱ्या खुर्चीवर गोळी झाडलीत तर तुमचाच जीव कमी होतो, म्हणून हात आवरून डोळे चालवावे लागतात. शेवटी लपाछपीच ती, फक्त चाळिशी उलटलेल्यांची. शोधणाऱ्यांवर 'राज्य' आलं असंच आम्ही म्हणतो.

बाबा यात पटाईत. त्यांचं तत्त्व एकच. "कोपऱ्यात लपतो तो आधी सापडतो. सारख्यात सारखं व्हावं." पाच खुर्च्यांच्या टेबलाला सहावी खुर्ची होऊन ते भर खोलीत बसायचे, आणि लबाडी पकडणं हाच ज्याचा धंदा तो माझा भाऊ त्यांच्या नाकासमोरून तीनदा जायचा. मग चरफडून म्हणायचा, "बाबा, निदान खोकून तरी दाखवा." बाबा हूं की चूं करायचे नाहीत. लपलेल्याने माइकवर चकार शब्द काढायचा नाही हा आमच्या घरचा नियम, आणि तो बाबांनीच घातलेला.

एका रविवारी राज्य माझ्यावर आणि बाबांवर होतं. दादा आणि चिमणी वस्तू झाले होते. मी गोदामात शिरले, दोन पिंपं तपासली, मागे वळून बघते तर बाबा आलेच नव्हते. परत गेले. बाबांचा शिपाई बंदूक खाली करून भिंतीला लागून उभा होता.

"बाबा, चला की."

शिपाई जागचा हलला नाही.

"बाबा, माइक बंद पडला का तुमचा?"

मग अगदी दबक्या आवाजात बाबा म्हणाले, "गप बस ठके. त्यांना कळेल."

दादा इतका हसला की त्याची बादली हलली आणि मी तिला गोळी घातली. डाव संपल्यावर चिमणी म्हणाली, "आजोबांची ही नवी चाल आहे. राज्य असताना लपून बसायचं, म्हणजे समोरचा कंटाळून स्वतःच बाहेर येतो. आला ना?" सगळ्यांना ते पटलं. बाबाही हसले, पण जरा उशिरा, बाकीचे का हसतायत ते बघून हसल्यासारखे. माझ्या मनात तेव्हाच पाल चुकचुकली.

पुढच्या रविवारी त्यांनी विचारलं, "आपण लपतोय की शोधतोय?" दादा म्हणाला, "बाबा, नाटकं पुरे." थोड्या वेळाने त्यांनी तेच पुन्हा विचारलं. दादा पुन्हा हसला. मला त्याचा राग आला. समोरचा खोटं बोलतोय हे धरून चालणाऱ्या माणसाला समोरचा घाबरलाय हे कळत नाही, त्याला काय करणार.

खेळात चुकलं तर कोणाचं काही जात नाही. पण हा माणूस रोज दोन वेळा सात पोरं गाडीत घालून रस्त्यावर असतो. ते डोक्यात आल्यापासून मला अन्न गोड लागेना.

मंगळवारी मी लॅबमधून अर्धी रजा घेतली आणि बाजारापर्यंत सोडा असं सांगून शाळा सुटताना व्हॅनमध्ये पुढे बसले. पोरं बाबांना पायलट म्हणतात. दोन शेंड्या घातलेली एक मुलगी, साधारण नऊ वर्षांची, सगळ्यांवर हुकूम चालवत होती. पहिल्या चौकात बाबांनी गाडी हळू केली आणि मोठ्याने विचारलं, "बोला मंडळी, कुठे?"

"डावीकडे," मागून कल्ला झाला.

"शाबास. सगळ्यांना एक गुण."

पुढच्या वळणावर तेच. त्याच्या पुढच्याही. दोन शेंड्या मला समजावून सांगू लागली, "हा आमचा खेळ आहे. पायलट मुद्दाम विसरल्यासारखं करतात आणि आम्ही सांगायचं. माझे सगळ्यात जास्त गुण आहेत." मीही हसले. म्हटलं, बाबांनी पोरांना बरं नादी लावलंय. मग एका तिठ्यावर पोरांमध्येच भांडण लागलं. निम्मी म्हणाली डावीकडे, निम्मी म्हणाली उजवीकडे. बाबांनी गाडी थांबवली. मागे हॉर्न सुरू झाले. बाबांची बोटं स्टिअरिंगवर पांढरी पडली होती, आणि ते रस्त्याकडे बघतच नव्हते. आरशातून पोरांच्या तोंडांकडे बघत होते, कोण जास्त खात्रीने बोलतंय ते शोधत.

"उजवीकडे, पायलट," दोन शेंड्या म्हणाली. "रोज इकडूनच तर जातो."

बाबांनी श्वास सोडला आणि गियर टाकला. शेवटचं पोर उतरेपर्यंत मी थांबले.

"कधीपासून?" मी विचारलं.

"काय कधीपासून?"

"बाबा."

ते बराच वेळ काच पुसत बसले. काच स्वच्छच होती. "थंडी पडायला लागली तेव्हापासून. घरं आठवतात. चौक आठवतात. मधलं जातं. मग येतं परत."

"आणि सात पोरं गाडीत घालून तुम्ही ते परत यायची वाट बघता?"

"गाडी मी चोख चालवतो. ब्रेक, आरसा, वेग, एक चूक दाखव."

चूक खरंच नव्हती. माझ्यापेक्षा दसपट चांगली चालवत होते. तेच तर भीतीचं होतं, की बघणाऱ्याला काही दिसलंच नसतं.

"दादाला सांगायला हवं," मी म्हटलं.

"रविवारी मी स्वतः सांगतो. तू सांगू नकोस." ते माझ्याकडे वळले. "मला सापडायचं नाही ठके. आपणहून बाहेर यायचंय."

आयुष्यात ज्या माणसाने माझ्याकडे काही मागितलं नव्हतं त्याने चार दिवस मागितले. मी हो म्हटलं. त्या 'हो'ने मला बुधवारभर झोपू दिलं नाही आणि उठूही दिलं नाही. लॅबमध्ये मेणात दात बसवताना माझं लक्ष फोनकडे. एका कवळीत मी उजवा सुळा डावीकडे लावला. लॅबचे मालक ती हातात फिरवत म्हणाले, "बाई, हे घालून माणूस हसला तर लोक पळतील." एरवी मी दोन शब्द सुनावले असते. त्या दिवशी मुकाट्याने दात काढला आणि पुन्हा लावला. फोन वाजला की हातातलं टाकून धावायचे. बहुतेक वेळा 'कर्ज हवंय का' विचारणाऱ्यांचा असायचा.

गुरुवारी दुपारी फोन शाळेतून आला. ऑफिसातल्या बाई फार सावकाश बोलत होत्या, घाबरलेली माणसं बोलतात तशा. व्हॅन शाळेतून वेळेवर निघाली होती. तास होत आला तरी एकही मूल घरी पोहोचलं नव्हतं. "तुमचे वडील फोन उचलत नाहीयेत. वाजतोय, पण उचलत नाहीयेत. पालक इथे जमलेत. पोलिसांना कळवलंय आम्ही."

मी ॲप्रन न काढताच स्कूटर काढली. हातांना प्लॅस्टरची पांढरी भुकटी तशीच. मंगळवारी बघितलेला सगळा रस्ता पालथा घातला, मग त्याला फुटणाऱ्या गल्ल्या, पेट्रोलपंप, जुना बस डेपो, पुलाखालची मोकळी जागा. प्रत्येक वळणावर मनात एकच चित्र यायचं आणि मी ते ढकलून द्यायचे. पिवळं काही दिसलं की जीव वर यायचा, जवळ गेलं की पाण्याची टाकी निघायची. बाबांना फोन लावत राहिले. रिंग पूर्ण वाजायची आणि बंद व्हायची.

दादाला सांगितलं. तो एवढंच म्हणाला, "तुला माहीत होतं?"

"मंगळवारपासून."

त्याने फोन ठेवला. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

मग चिमणीचा फोन आला. "आत्या, तू गल्ल्या बघतेयस ना? नको बघूस. आजोबा कोपऱ्यात कधी लपत नाहीत."

"अगं खेळ चाललाय का इथे? हरवलेत ते."

"हरवले असते तर फोन उचलला असता," ती रडत होती पण डोकं ठिकाणावर ठेवून बोलत होती. "फोन वाजतोय, म्हणजे चालू आहे. ते ऐकतायत आणि बोलत नाहीयेत. लपलेल्याने बोलायचं नाही. आत्या, सारख्यात सारखं. शाळेच्या व्हॅन अजून कुठे उभ्या असतात?"

मी स्कूटर रस्त्याच्या कडेला घेतली. डोळ्यांसमोर आलं, की मघाशी मी अशाच एका रांगेवरून गेले होते. कालव्यापलीकडच्या शाळेचं मैदान. तिथली दुपारची शाळा उशिरा सुटते आणि तोवर पिवळ्या व्हॅन ओळीने उभ्या असतात. मी त्या ओळीकडे बघितलं होतं आणि मला व्हॅन दिसल्या होत्या. त्यांतली एक आमची असेल हे मनाला शिवलंसुद्धा नव्हतं.

मैदानावर ड्रायव्हर लोक एका बाकावर गप्पा मारत बसले होते. मी काही विचारायच्या आत एक जण म्हणाला, "ती शेवटची आमच्यातली नाही. माझ्या मागोमाग आली, उभी राहिली. ड्रायव्हर उतरलाच नाही. झोपला असेल म्हटलं."

बाहेरून व्हॅन रिकामी दिसत होती. मी सरकतं दार ओढलं. सातही पोरं सीटांच्या मध्ये खाली बसली होती, डोकी गुडघ्यांत, तोंडावर हात. पुढे बाबा सीटवर घसरून आडवे झाल्यासारखे बसले होते. मांडीवर फोन थरथरत होता आणि त्यावर त्यांनी दोन्ही तळवे दाबून धरले होते.

"दार लावा ना," एक पोर पुटपुटलं. "सापडू आम्ही."

दोन शेंड्यांनी डोकं वर काढलं. "तुमच्यावर राज्य आहे का?"

"हो," मी म्हटलं. दुसरं काय म्हणणार होते.

"म्हणजे हरलो." सगळी पोरं हिरमुसून उठली. कुणाच्या पायाला मुंग्या आल्या होत्या, कुणी पाण्याची बाटली शोधू लागलं. कोणालाही काही झालं नव्हतं. मी एकेकाच्या डोक्याला हात लावून बघितलं. सगळ्यात लहान मुलगी मात्र उठली नाही. तिने कपडे ओले केले होते आणि तशीच बसून होती, गाल भिजलेले, ओठ घट्ट मिटलेले. पायलटने आवाज करायचा नाही असं सांगितलं होतं, म्हणून तिने रडतानाही केला नव्हता.

बाबांनी मागे वळून तिच्याकडे बघितलं. मग माझ्याकडे.

"एक व्हॅन पुढे जात होती," ते म्हणाले. "पिवळी. वाटलं तिला रस्ता माहीत असेल. तिच्या मागे मागे आलो. इथे आल्यावर बघतो तर..." त्यांनी मैदानाकडे हात केला आणि खाली घेतला.

"फोन का नाही उचललात?"

"कुठे आहात असं विचारलं असतं ना सगळ्यांनी."

मला ओरडायचं होतं. तोंडापर्यंत आलेलं सगळं मी गिळलं, कारण ऐकायला सात जण होते आणि त्यांच्यासाठी बाबा अजून पायलट होते. बाबांनी किल्ली काढली, माझ्या हातात दिली आणि उतरून मागच्या दाराने आत शिरले. अंगातला स्वेटर काढून त्यांनी त्या छोटीच्या कमरेला गुंडाळला, तिला सीटवर बसवलं, तिचा पट्टा लावला, मग स्वतःचा. मी शाळेत फोन केला, सगळी सुखरूप आहेत, पालकांना घरी पाठवा, मी पोरांना पोहोचवते. पलीकडे बाई रडायला लागल्या, त्यांच्यामागे अजून कोणी. दादाला मेसेज टाकला, स्कूटर तिथेच ठेवली आणि व्हॅन काढली.

पोरं सवयीने वळणं सांगत होती. मी सांगू दिलं.

पहिल्या घराशी आई फाटकातच उभी होती. तिने मुलाला ओढून घेतलं आणि माझ्यावर तोंड टाकायला सुरुवात केली. मी काहीतरी जुळवत होते, टायर, गर्दी, असलं काही. तेवढ्यात बाबा मागून उतरले. "बाई, चूक माझी आहे. मी रस्ता विसरलो. उद्यापासून मी येणार नाही." ती बोलता बोलता थांबली. बाबांनी मुलाचं विसरलेलं दप्तर तिच्या हातात दिलं आणि परत आत येऊन बसले.

प्रत्येक घराशी तेच. त्यांनी एकदाही मला बोलू दिलं नाही. एका बापाने त्यांना ऐकवू नये ते ऐकवलं आणि बाबांनी मान खाली घालून ते पूर्ण ऐकलं. छोटीच्या आजीने ओला स्वेटर बघितला, बाबांचा हात धरला आणि काही न बोलता सोडला. एका घराशी मी पोराला फाटकात सोडून निघत होते तर बाबा म्हणाले, "थांब. दार उघडून आतलं माणूस दिसल्याशिवाय निघायचं नाही." मी थांबले. दार उघडलं, कोणीतरी हात केला, मग ते म्हणाले, "आता चल."

शेवटची दोन शेंड्या. तिचे वडील पायऱ्या उतरून आले. बाबा उतरले, तिचं दप्तर तिच्या पाठीला नीट अडकवलं, आणि नेहमीच्या हसऱ्या आवाजात तिच्या वडिलांना म्हणाले, "उद्या सकाळी तयार ठेवा हं हिला. काल दोन मिनिटं थांबावं लागलं."

तिच्या वडिलांनी माझ्याकडे बघितलं. ते रागावून आले होते, तो राग त्यांच्या चेहऱ्यावरून उतरलेला मला दिसला, आणि मला तो परत चढलेला चालला असता. "हो, ठेवतो," ते म्हणाले आणि मुलीला घेऊन आत गेले. दार उघडून बंद झालं.

बाबा मागच्या सीटवर येऊन बसले. पट्टा लावला. त्यांनी रिकाम्या सीटांवरून एकदा नजर फिरवली.

"आता कोण राहिलं?"

"तुम्हीच राहिलात, बाबा. घरी सोडते तुम्हाला."

"पण माझ्याकडे दार उघडायला कोणी नाही," ते म्हणाले. "आत माणूस नसेल तर सोडायचं नसतं, ठके."

मी आरशात बघितलं. चेष्टा नव्हती ती. मी गाडी वळवली आणि माझ्या घराकडे घेतली. दारात उभी केली. मग लक्षात आलं, की माझ्याकडेही दार उघडायला कोणी नाही. "बसा जरा," म्हणून मी एकटीच उतरले, कुलूप काढलं, आत गेले आणि दार लावून घेतलं. बाबांची पावलं पायऱ्या चढून येईपर्यंत आतून कडीला हात लावून उभी राहिले. त्यांनी बेल वाजवली आणि मी दार उघडलं.